दोन वर्षांसाठी बांधलं, चाळीस वर्षं राबलं

वाचकांचे प्रश्न : वाफेची इंजिनं

मागच्या अंकात मी लिहिलं होतं की मेल गाड्या ओढणाऱ्या इंजिनांवर सगळे लिहितात, यार्डात वाघिणी (मालाचे डबे) जोडणाऱ्या-सोडणाऱ्या शंटिंग इंजिनांचा इतिहास मात्र कुणी विचारत नाही. त्यावर बरीच पत्रं आली आणि गंमत म्हणजे त्यातली बहुतेक एकाच इंजिनाभोवती फिरतात. म्हणून या वेळचं सदर त्यालाच देतो. माझी नोकरी शेडमध्ये गेली, ती इंजिनांच्या पोटाखाली उभं राहून. तेव्हा उत्तरं त्या बाजूनं येतील.

प्रश्न : मुलगी लीड्सला असते. तिच्याकडे गेलो तेव्हा कीथलीहून ऑक्सनहोपपर्यंत वाफेच्या गाडीनं गेलो. तिथं एक बुटकं इंजिन पाहिलं. सहा चाकं, मागे टेंडर (कोळसा-पाण्याचा जोडडबा) नाही, पाण्याची टाकी थेट बॉयलरच्या पाठीवर टाकलेली आणि 'ब्रसेल्स' असं नाव. हे कुठलं इंजिन? आणि टाकी अशी वर का? (नाशिक)

तुम्ही पाहिलंत ते 'ऑस्टेरिटी' वर्गाचं इंजिन. १९४५ साली लीड्समधल्याच हडस्वेल क्लार्क कारखान्यात बांधलेलं, लष्कराचा क्रमांक ११८. हॅम्पशायरमध्ये लाँगमूरला ब्रिटिश लष्कराची स्वतःची रेल्वे होती. सैनिकांना रूळ टाकायला, गाड्या चालवायला शिकवण्यासाठी ती ठेवलेली. हे इंजिन तिथलं.

आता मूळ कथा. १९४२ साली ब्रिटिशांना दिसत होतं की आज ना उद्या युरोपच्या किनाऱ्यावर सैन्य उतरवायचं आहे. सैन्यामागोमाग दारूगोळा, कोळसा, पीठ, पेट्रोल सगळं बंदरात उतरणार आणि तिथून वाघिणींत भरून पुढे जाणार. पण शत्रू माघार घेताना यार्डं आणि इंजिनं शाबूत ठेवून जाईल कशाला? म्हणजे शंटिंगची इंजिनं आपलीच न्यायची. पुरवठा खात्यात ही जबाबदारी रॉबर्ट रिडल्स यांच्याकडे होती. पुढे ब्रिटिश रेल्वेची शेवटची प्रमाणित वाफेची इंजिनं ज्यांच्या देखरेखीखाली तयार झाली, तेच हे रिडल्स. ते मूळचे लंडन मिडलँड अँड स्कॉटिश रेल्वेचे, त्यामुळे पहिला विचार साहजिकच त्या रेल्वेच्या 'जिंटी' या शंटिंग इंजिनाचा झाला. जिंटी चारशेच्या वर होती, सगळ्यांच्या हातची होती.

इथं लीड्सच्या हन्स्लेट कंपनीचे एडगर अल्कॉक मध्ये पडले. त्यांचं म्हणणं असं की जिंटी हे रेल्वे कंपनीनं सवडीनं बांधायचं इंजिन आहे. आमच्याकडे पोलाद कारखान्यांसाठी केलेलं दणकट खोगीर-टाकीचं इंजिन आहे, ते आणखी सोपं करून घ्या, लवकर होईल आणि कमी कामगारांत होईल. रिडल्स यांना ते पटलं. माझ्या मते या सगळ्या इतिहासातला सर्वांत मोलाचा निर्णय हाच. स्वतःच्या रेल्वेचं इंजिन बाजूला ठेवून दुसऱ्याचं घ्यायला मोठं मन लागतं, आणि तेही युद्धाच्या घाईत.

१९४३ च्या सुरुवातीला पहिलं इंजिन बाहेर पडलं. मागणी इतकी की एकट्या हन्स्लेटला झेपेना. मग किल्मार्नॉकचे अँड्र्यू बार्कले, स्टॅफर्डचे बॅग्नॉल, लीड्सचे हडस्वेल क्लार्क, रॉबर्ट स्टीफन्सन अँड हॉथॉर्न्स आणि व्हल्कन फाउंड्री अशा आणखी पाच कारखान्यांना तेच नकाशे देऊन कामाला लावलं. यातली व्हल्कन फाउंड्री आपल्या ओळखीची. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला जी पहिली गाडी गेली, तिची इंजिनं याच कारखान्याची. १९४७ पर्यंत लष्करासाठी ३७७ ऑस्टेरिटी बांधली गेली. अपेक्षा काय, तर दोन वर्षं खडतर काम सोसावं. पुढचं कुणी मनात धरलं नव्हतं.

टाकीचं कारण तेलाच्या डब्याशी आहे. या इंजिनाचे दोन्ही सिलिंडर बाहेर दिसत नाहीत, ते चौकटीच्या आत, दोन चाकांच्या मध्ये आहेत. वाफ सोडणाऱ्या झडपा हलवणारी सगळी यंत्रणाही तिथंच. जिंटीसारख्या इंजिनाला टाक्या दोन्ही कुशींना असतात, त्या खालपर्यंत येतात आणि आतली जागा झाकून टाकतात. तेल द्यायला माणूस खड्ड्यात उतरून खालून घुसतो किंवा अडचणीतून हात घालतो. टाकी बॉयलरच्या पाठीवर चढवली की बॉयलरखालची जागा दोन्ही बाजूंनी मोकळी राहते. यॉर्कशायरमध्येच (लीड्स याच परगण्यात येतं) सकाळी विस्तव धरत असताना एका स्वयंसेवक बाईंना तेल देताना मी जवळ उभा राहून पाहिलं. बाजूच्या पट्टीवर एक गुडघा टेकून त्या बॉयलरखाली वाकल्या, तेलाच्या कपाचं कॉर्कचं बूच अंगठ्यानं काढलं, लांब चोचीच्या डब्यानं तेल भरलं, बूच परत दाबून बसवलं आणि चिंधीनं भोवतालचं पुसून घेतलं. मग पुढचा कप. अंगावरचे कपडेसुद्धा फारसे मळले नाहीत. ज्यांनी खड्ड्यात उतरून, डोळ्यांत काजळी घेत तेल दिलंय त्यांना याची किंमत कळेल.

तोटेही आहेत. बॉयलरच्या ऊबेनं टाकीतलं पाणी तापतं, आणि पाणी फार तापलं की बॉयलरला पाणी पुरवणारा इंजेक्टर ते आत ओढायला कुरकुर करतो. शिवाय १,२०० गॅलन पाण्याचं ओझं उंचावर, त्यामुळे वेग घेतला की इंजिन डुलतं. पण यार्डात वेग घ्यायचाय कुणाला?

प्रश्न : मी कल्याणला यंत्र अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. एवढंसं इंजिन भरलेल्या वाघिणींची रांग कशी हलवतं? वर्गात 'ट्रॅक्टिव्ह एफर्ट'चं सूत्र आलं, पण डोक्यात बसलं नाही.

मुली, ट्रॅक्टिव्ह एफर्ट म्हणजे इंजिनाची ओढ. हेच इंजिन घेऊन गणित कर, आयुष्यभर विसरणार नाहीस. सिलिंडरचा व्यास १८ इंच. दट्ट्याची (पिस्टनची) धाव २६ इंच. चाकाचा व्यास ४ फूट ३ इंच, म्हणजे ५१ इंच. वाफेचा दाब चौरस इंचाला १७० पौंड.

व्यासाचा वर्ग ३२४. त्याला २६ नं गुण : ८,४२४. चाकाच्या ५१ नं भाग : १६५ च्या जरा वर. आता दाबाचे ८५ टक्के घे, कारण बॉयलरमधला सगळा दाब दट्ट्यापर्यंत पोचत नाही. ते होतात १४४.५. गुणाकार केलास की सुमारे २३,८७० पौंड येतील. टनांत सांगायचं तर साडेदहा टनांहून थोडी जास्त ओढ.

आता फक्त चाक बदल. ५१ च्या जागी ६० इंच घाल. बाकी सगळं तेच, आणि ओढ उतरते २०,२९० च्या आसपास. चाक लहान तेवढी ओढ जास्त, हे असं आकड्यांत दिसतं. त्याची किंमत वेगात मोजावी लागते. ताशी १५ किलोमीटरला हे चाक मिनिटाला साधारण ६१ फेरे घेतं. मेल गाडीच्या वेगानं पळवायला गेलीस तर दट्टे इतक्या वेळा मागे-पुढे होतील की छोटा बॉयलर तेवढी वाफ पुरवूच शकणार नाही.

पण ओढ असून भागत नाही, रुळावर पकड हवी. इथं छोट्या इंजिनाचं खरं बळ आहे. ऑस्टेरिटीचं वजन भरलेल्या टाकीसकट ४८ टन, आणि त्यातला प्रत्येक टन ओढणाऱ्या चाकांवर. मेल इंजिनाचं बरंच वजन पुढच्या-मागच्या नुसत्या फिरणाऱ्या चाकांवर जातं, ते ओढायला उपयोगी पडत नाही. इथं वजन ओढीच्या साडेचारपट भरतं. रूळ कोरडे असतील तर चाक घसरणार नाही, आणि ओल्या रुळांसाठी वाळूचे डबे आहेतच.

वर्गात बहुधा सांगत नाहीत अशी एक गोष्ट लक्षात ठेव. शंटिंगचा ड्रायव्हर एका पाळीत किती वेळा दिशा बदलतो ते मोजायला बस, मोजून थकशील. मोठ्या इंजिनांना दिशा बदलायला बहुधा स्क्रूवर फिरणारं चाक असतं, फिरवत बसावं लागतं. ऑस्टेरिटीला उभा दांडा आहे. खटक्यातून सोडवून पुढचा मागे ढकलला की झालं. त्याला खांद्याचा जोर लागतो, पण वेळ जात नाही, आणि नजर शंटरच्या हातातल्या दिव्यावरून हलत नाही.

प्रश्न : लीड्सचं नाव आमच्या घरात आजोबांच्या तोंडी असायचं. ते बार्शी लाइट रेल्वेत होते. त्या इंजिनांचा आणि लीड्सचा काही संबंध होता का? (कुर्डुवाडी)

होता, आणि थेट होता. बार्शी लाइनची पहिली इंजिनं लीड्सच्या किटसन कंपनीची. किटसनचा कारखाना हन्स्लेट भागातच होता. हन्स्लेट हे मुळात लीड्सच्या दक्षिणेकडच्या वस्तीचं नाव, कंपनीनं ते घेतलं. त्या एका भागात इंजिनांचे इतके कारखाने होते की एकाचा कामगार दुसऱ्याच्या फाटकासमोरून कामावर जायचा.

बार्शी लाइनचे जनक एव्हरार्ड कॅलथ्रॉप यांचा विचारही आजच्या विषयाशी जुळणारा. अडीच फुटी रूळ, आणि कुठल्याही आसावर, मग तो इंजिनाचा असो वा वाघिणीचा, ५ टनांच्या वर भार येऊ द्यायचा नाही. त्यामुळे हलके, स्वस्त रूळ चालले. आठ ओढती चाकं असलेली किटसनची टँक इंजिनं (पाण्याची टाकी अंगावरच असलेली) या हिशेबानं बनली. गाडी हिंदुस्थानात येण्याआधी लीड्सजवळ न्यूले इथं मुद्दाम रूळ टाकून तिची चाचणी घेतली होती. मग १८९७ ला कुर्डुवाडी-बार्शी मार्ग सुरू झाला, पुढे लातूर, पंढरपूर, मिरज. तुमच्या आजोबांच्या हाताखालच्या इंजिनानं पहिली वाफ यॉर्कशायरमध्ये घेतली असण्याची शक्यता चांगली आहे. त्यांचे कागद, फोटो, ड्यूटीच्या वह्या काही उरलं असेल तर जपून ठेवा. शक्य असेल तर मला त्याच्या प्रती पाठवा, मी मनापासून वाचीन.

प्रश्न : युद्ध संपल्यावर ही इंजिनं भंगारात का गेली नाहीत? दोन वर्षांसाठी बांधलेली वस्तू इतकी टिकली कशी? (सांगली)

आधी ती कुठं गेली ते सांगतो. नॉर्मंडीच्या चढाईनंतर बरीच फ्रान्स, बेल्जियम, हॉलंडमध्ये पोचली होती. डच रेल्वेनं २७ ठेवून घेतली. काही ट्युनिशियाला गेली. ब्रिटनमध्ये लंडन अँड नॉर्थ ईस्टर्न रेल्वेनं १९४६ साली एकदम ७५ विकत घेतली आणि त्यांना 'जे ९४' हा वर्ग दिला.

त्यातल्या काहींच्या वाट्याला डर्बीशायरमधला क्रॉमफर्ड अँड हाय पीक हा डोंगरी मार्ग आला. चुनखडीच्या खाणींची ती लाइन. हॉप्टनचा चढ चौदा फुटाला एक फूट. आपल्या बोरघाटाचा चढ सदतिसाला एक आहे, आणि तिथंसुद्धा मागून ढकलायला जादा इंजिनं, म्हणजे बँकर, लावावे लागतात. चौदाला एक म्हणजे काय, ते घाटात काम केलेल्यांनाच विचारा. पायथ्यापासून पूर्ण वाफ उघडून पळत यायचं आणि चढावर जीव जाण्याआधी माथा गाठायचा. यार्डासाठी जन्मलेल्या इंजिनांनी हे काम १९६७ ला लाइन बंद होईपर्यंत केलं.

सगळ्यांत जास्त इंजिनं मात्र कोळशाच्या खाणींत राबली. १ जानेवारी १९४७ ला ब्रिटनच्या खाणी सरकारी झाल्या आणि नॅशनल कोल बोर्डानं लष्कराची जुनी ऑस्टेरिटी घेतली, शिवाय नवीही मागवली. लष्करानंसुद्धा १९५२-५३ मध्ये आणखी १४ बांधून घेतली. अशी करत सगळी मिळून ४८५ झाली. शेवटची दोन हन्स्लेटमधून १९६४ साली बाहेर पडली. ब्रिटिश रेल्वेनं आपलं शेवटचं वाफेचं इंजिन १९६० लाच बांधून विषय संपवला होता, त्यानंतर चार वर्षांनी! आपल्या चित्तरंजनमधून ब्रॉडगेजचं शेवटचं वाफेचं इंजिन १९७० ला निघालं, हे ताडून पाहण्यासारखं आहे.

टिकली कशी, याला माझ्याकडे शेडमधलं उत्तर आहे. घाईत बांधली, पण घाईत विचार केला नव्हता. दिखाऊ काही ठेवलं नाही, मात्र बॉयलर, आस आणि बेअरिंगांत कंजुषी केली नाही. आणि सहा कारखाने एकाच नकाशावर काम करत असल्यानं सुटे भाग बहुतेक एकमेकांना लागू पडत. यॉर्कशायरच्या खाणीतल्या फिटरला वेल्समधल्या मोडक्या इंजिनाचा भाग काढून बसवता येई. खाणीच्या वर्कशॉपमध्ये रेल्वेसारखे कसबी लोक आणि यंत्रं नसायची. हातोडा, छिन्नी, एखादं लेथ आणि चार माणसं. अशा जागी जे इंजिन दुरुस्त होतं ते टिकतं. शिवाय कोळसा दारातला, तो विकत आणायचा नाही.

त्यांना संपवू शकली असती ती धुराची तक्रार. १९५६ साली ब्रिटनमध्ये स्वच्छ हवेचा कायदा आला आणि खाणींजवळच्या वस्त्यांना काळ्या धुराविरुद्ध बोलायला आधार मिळाला. हन्स्लेटनं त्यावर उपाय काढला तो मला फार आवडतो. फायरमन फावड्यानं विस्तवावर कोळसा टाकतो तेव्हा वरचा कच्चा कोळसा गॅस सोडतो, तो नीट न जळता धूर होऊन निघून जातो. हन्स्लेटनं काही इंजिनांना असा स्टोकर बसवला की जो कोळसा विस्तवाच्या खालून वर ढकलतो. कच्च्या कोळशाचा गॅस धगधगत्या थरातून वर येता येताच पेटतो, आणि वरून हवा दिली की उरलेलाही जळतो. अर्जेंटिनाचे इंजिनिअर पोर्टा यांनी मांडलेल्या कल्पनांचा यात हात होता. अशा इंजिनाचं धुरांडंही वेगळं दिसतं. काही इंजिनांना ऑस्ट्रियाच्या गीझल यांचं लांबट, चपटं धुरांडं बसवलं गेलं, त्यानं विस्तवातून हवेची ओढ सुधारून कोळसा वाचायचा. सांगायचा मुद्दा, १९६० नंतरही या इंजिनांत सुधारणा कराव्यात असं लोकांना वाटत होतं. मोठ्या रेल्वेत १९६८ ला वाफ बंद झाली, पण काही खाणींत ऑस्टेरिटी १९८० नंतरही कामावर होती.

प्रश्न : थॉमस इंजिन खरं होतं का? (इयत्ता चौथी, रत्नागिरी)

होतं बाळा. गोष्टीच्या पुस्तकांतल्या चित्रातला थॉमस ज्याच्यावरून काढला ते ब्रायटनच्या रेल्वेचं 'ई २' वर्गाचं शंटिंग इंजिन. १९१३ ते १९१६ मध्ये ती फक्त दहा बांधली, आणि आज त्यातलं एकही शिल्लक नाही. तरी मुलांना थॉमस हवा असतो. म्हणून इंग्लंडमध्ये एका जुन्या ऑस्टेरिटीची पाठीवरची टाकी काढली, दोन्ही कुशींना टाक्या लावल्या, निळा रंग दिला आणि थॉमस केला. त्यानं मुलांना घेऊन खूप फेऱ्या मारल्या.

प्रश्न : अशी इंजिनं आपल्याकडे युद्धात आली होती का? (भुसावळ)

नाही, आणि कारण दोन रुळांमधल्या अंतराचं. युरोपचा रूळ १,४३५ मिलिमीटर, आपला ब्रॉडगेज १,६७६. ऑस्टेरिटी तिकडच्या रुळासाठीच बनलेली. आपल्याकडे युद्धात अमेरिका-कॅनडाची मोठी इंजिनं आली, ब्रॉडगेजला 'एडब्ल्यूडी' आणि 'सीडब्ल्यूडी', मीटरगेजला 'मॅकआर्थर'. यार्डाचं काम आपल्याकडे बहुतेक ठिकाणी मेनलाइनवरून उतरलेल्या म्हाताऱ्या इंजिनांवर सोपवलं जाई. तुम्ही भुसावळचे, तुम्हाला हे ठाऊकच असेल. खास छोटी टँक इंजिनं असायची ती बंदरांत आणि कारखान्यांत. मुंबई पोर्ट ट्रस्टची स्वतःची होती. त्यांच्यावर मराठीत काम व्हायला हवं. ज्यांनी ती चालवली ते लोक आता वयानं फार थकलेत. भुसावळ, दौंड, मनमाडच्या वाचकांनी आपल्या घरातल्या शंटर-फायरमनना बोलतं करावं, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

प्रश्न : पुढच्या उन्हाळ्यात इंग्लंडला जातोय. ऑस्टेरिटी कुठं बघायला मिळेल? (पुणे)

जवळपास सत्तर शिल्लक आहेत, त्यामुळे निराश होणार नाही. 'ब्रसेल्स' ऑक्सनहोपला आहे. आइल ऑफ वाइट बेटावर १९५३ च्या सुमाराचं लष्करी 'रॉयल इंजिनिअर' आहे. लंडनहून जवळ हवं असेल तर क्वेंटनचं बकिंगहॅमशर रेल्वे सेंटर, तिथं १९६४ च्या शेवटच्या जोडीतलं ३८९० क्रमांकाचं इंजिन ठेवलंय. जाण्याआधी कोणतं इंजिन वाफेवर आहे ते विचारून घ्या. तिकडे साधारण दर दहा वर्षांनी बॉयलर पूर्ण खोलून तपासावा लागतो, तेवढा काळ इंजिन शेडमध्ये सुटं पडलेलं असतं. पण तसं सापडलं तरी हिरमुसू नका. टाकी उतरवलेली असेल तर बॉयलरखाली वाकून चौकटीच्या आत बघा. चालत्या इंजिनात एरवी न दिसणारी झडपांची सगळी यंत्रणा तिथं दिसेल. स्वयंसेवकांना विचारलंत तर ते हातातलं काम बाजूला ठेवून सांगतात.